डिफॉल्टमध्ये, म्हणजे गैरहजेरीत, गेलेला दावा परत नंबरवर आणणाऱ्या वकीलबाई : पाचपैकी साडेचार तारे

आधीच सांगतो, नाव लिहीत नाही. वकिलांना स्वतःची जाहिरात करायला बार कौन्सिलच्या नियमात मनाई आहे. मी बाईंना म्हणालो, तुमच्याबद्दल चार चांगल्या ओळी लिहायच्या आहेत. त्या म्हणाल्या, "काका, कामाबद्दल लिहा. माझं नाव, फोटो, फोन नंबर काही घालू नका." तेव्हा सातारा जिल्ह्यातल्या दुष्काळी पट्ट्यातलं एक तालुक्याचं दिवाणी कोर्ट आणि तिथं गेली दहा-बारा वर्षं वकिली करणाऱ्या एक बाई, एवढंच समजा. नाव नसलं तरी त्यांनी काम कसं केलं ते वाचून दुसऱ्याला चांगला वकील ओळखता येईल, म्हणून सविस्तर लिहितो.

मी एसटीत ३१ वर्षं कंडक्टर होतो. रोज रात्री वे-बिल आणि रोकड जुळल्याशिवाय डेपोतून बाहेर पडता येत नसे. त्यामुळं कुणाचंही काम मी हिशोबानंच बघतो. कुठल्या दिवशी काय झालं, किती पैसे गेले, पावती आहे का. या हिशोबात बाई बसल्या. असे वकील मला फार भेटले नाहीत.

आमचा दावा विहिरीचा. १९७२ च्या दुष्काळानंतर माझे वडील आणि चुलते, दोघा सख्ख्या भावांनी मिळून ती विहीर पाडली. सात-बाराच्या इतर हक्कात तिची सामाईक म्हणून नोंद आहे. पाण्याची पाळी आठ दिवस त्यांची, आठ दिवस आमची. पंचेचाळीस वर्षं ती कागदाशिवाय चालली. २०१८ साली चुलतभावांनी नवी मोटर बसवली आणि आमची पाळी बंद केली. माझा थोरला भाऊ त्याआधीच गेला होता. शेत वहिनी बघतात. वहिनी आणि मी, दोघांनी वादी म्हणून दावा टाकला. अर्ध्या हिश्श्याचा ठराव आणि कायमचा मनाई हुकूम अशी मागणी. निशाणी ५ चा, म्हणजे तात्पुरत्या मनाई हुकुमाचा, अर्ज २०१९ मध्ये आमच्या बाजूनं झाला आणि पाळी परत सुरू झाली. दावा मात्र मुद्दे निघून आमच्या पुराव्यावर येऊन थांबला होता.

आमचे तेव्हाचे वकील वयस्कर होते. त्यांचंही नाव घेत नाही. निशाणी ५ त्यांनीच मिळवून दिली, ते उपकार मी विसरलेलो नाही. पण नंतर त्यांचं कोर्टात येणं कमी झालं आणि तारखा त्यांचा मुनशी, म्हणजे कारकून, फोनवर सांगू लागला.

जुलै २०२३ मधली तारीख अशीच फोनवर आली. मी बाजारात होतो. खिशातल्या डायरीत तिथल्या तिथं लिहिलं, "२४, कोर्ट". सोमवार, २४ जुलैला वहिनी आणि मी सकाळच्या गाडीनं तालुक्याला गेलो. मार्चपासून बायकांना एसटीत अर्धं तिकीट झालं होतं, म्हणून वहिनींचं अर्धं आणि माझं पूर्ण. कोर्टाबाहेरच्या बोर्डावर आमचा नंबर दिसेना. दोनदा वरपासून खालपर्यंत वाचला. आत चौकशी केल्यावर कळलं, आमची तारीख १४ होती. १४ जुलैला पुकारा झाला, आमच्याकडून कुणी नव्हतं, आणि दावा डिफॉल्टमध्ये फेटाळला.

चौदा आणि चोवीस. मी चोवीस ऐकलं की मुनशीनं चोवीस सांगितलं, हे आजही मला माहीत नाही. ही गोष्ट पुढं महत्त्वाची ठरली, म्हणून आताच नोंदवून ठेवतो.

वहिनी कोर्टाच्या पायरीवर बसल्या. "म्हणजे पाणी गेलं का?" एवढंच त्यांनी विचारलं. गेलं होतंच. दावा फेटाळला की त्यातला तात्पुरता मनाई हुकूमही पडतो. दोनच दिवसांत चुलतभावानं स्टार्टरच्या पेटीला कुलूप घातलं. वाफ्यात कांद्याचं रोप होतं, लावणीला आलेलं. आणि पुढचा महिना कोणता, तर २०२३ चा ऑगस्ट. १९०१ पासूनच्या नोंदींत देशात इतका कोरडा ऑगस्ट नव्हता. आमच्या भागात तर आभाळाकडं बघवत नव्हतं.

जुने वकील म्हणाले, करू अर्ज, चिंता करू नका. एक आठवडा गेला. दहा दिवस गेले. फोन उचलेनात. चहाच्या टपरीवर दोन प्रकारचे सल्ले मिळाले. एक म्हणाला, कशाला जुनं उकरता, नवीन दावा टाका. दुसऱ्या एका मध्यस्थानं डॉक्टरचं सर्टिफिकेट आणून देतो, आजारी होतो म्हणा, काम झालं की पंचवीस हजार द्या, असं सांगितलं. मी घाबरलेलो होतो. सर्टिफिकेटला जवळजवळ हो म्हणणार होतो.

पुतणीनं अडवलं. तिच्या कॉलेजातल्या मैत्रिणीच्या घरचं एक प्रकरण या बाईंनी चालवलं होतं. ७ ऑगस्टला, सोमवारी संध्याकाळी आम्ही तिघं त्यांच्या ऑफिसात गेलो.

बाईंनी विहिरीबद्दल काही विचारलं नाही. पहिला प्रश्न, "दावा कोणत्या तारखेला फेटाळला?" दुसरा, "त्या दिवशी समोरचे हजर होते का?" पहिल्याचं उत्तर मला माहीत होतं. दुसऱ्या प्रश्नाचा अर्थच मला कळेना. पुतणीच्या मोबाईलमध्ये ई-कोर्ट्सचं ॲप होतं. प्रत्येक दाव्याला सोळा अक्षरं-आकड्यांचा एक सीएनआर नंबर असतो. तो घातला की दाव्याच्या सगळ्या तारखा आणि त्या त्या दिवशी काय कामकाज झालं ते दिसतं. बाईंनी १४ जुलैवर बोट ठेवलं आणि वाचून दाखवलं. वादी व वादीचे वकील गैरहजर, प्रतिवादी क्रमांक १ वकिलांसह हजर, दावा फेटाळला.

मग त्यांनी एका कोऱ्या कागदावर दोन रकाने आखले. दिवाणी प्रक्रिया संहितेत, म्हणजे १९०८ च्या कायद्यात, गैरहजेरीसाठी ऑर्डर ९ आहे. पुकाऱ्याला दोन्ही बाजूंचं कुणीच नसेल तर दावा रूल ३ खाली फेटाळतात. मग रूल ४ प्रमाणं मुदत शिल्लक असेल तर नवीन दावाही टाकता येतो, किंवा जुनाच परत उठवता येतो. पण समोरचा हजर आणि आपणच नाही, असं असेल तर तो रूल ८ होतो. तिथं रूल ९ आडवा येतो. त्याच कारणावरून नवीन दावा टाकायला बंदी. वाट एकच, गैरहजेरीचं पुरेसं कारण दाखवून फेटाळल्याचा हुकूम रद्द करून घ्यायचा आणि दावा मूळ नंबरवर आणायचा, म्हणजे जुन्याच नंबरानं परत चालू करून घ्यायचा.

"त्या टपरीवरच्या माणसाचं ऐकून नवीन दावा टाकला असता," त्या म्हणाल्या, "तर पहिला आक्षेप रूल ९ चाच आला असता. त्यात वर्ष गेलं असतं, आणि या अर्जाची मुदत कधीच संपली असती."

मुदत तीस दिवसांची. १९६३ च्या मुदतीच्या कायद्यात अनुच्छेद १२२ आहे, दावा फेटाळल्याच्या तारखेपासून तीस दिवस. बाईंनी भिंतीवरचं कॅलेंडर काढून टेबलावर ठेवलं. १४ जुलै सोडून तीस दिवस मोजले की १३ ऑगस्ट येतो. १३ ला रविवार. १२ ला दुसरा शनिवार, कोर्ट बंद. शेवटचा दिवस सुट्टीत आला तर कोर्ट उघडेल त्या दिवशी, म्हणजे १४ ला अर्ज चालतो, तशी कायद्यात सोय आहे. "पण आपण सोयीवर जायचं नाही," त्या म्हणाल्या, "आपल्या हातात मंगळ, बुध, गुरू, शुक्र. मी गुरुवार धरते." मी विचारलं, हुकुमाची नक्कल मिळायला वेळ लागतो, ते दिवस वजा होत नाहीत का? आमच्या एका नातेवाइकाच्या अपिलात तसे झाले होते. त्या म्हणाल्या, अपिलाला होतात, या अर्जाला होतील असं धरून बसायचं नाही. उशीर झालाच तर मुदतीच्याच कायद्याच्या कलम ५ खाली माफीचा अर्ज करता येतो, पण मग एकाऐवजी दोन गोष्टी पटवाव्या लागतात, का आला नाहीत आणि का उशीर केलात.

वीस मिनिटांत हे सगळं माझ्यासारख्या माणसाच्या डोक्यात शिरलं. त्याआधी पाच वर्षांत माझ्याच दाव्याबद्दल मला एवढं कुणी सांगितलं नव्हतं.

फीचं बोलणं त्यांनीच काढलं, आणि त्याच्याही आधी एक गोष्ट सांगितली जी त्यांना सांगायची गरज नव्हती. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणं बाईमाणसाला मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो. वहिनी वादी आहेत, तर तालुका विधी सेवा समितीकडं अर्ज केला तर फी द्यायची गरज नाही. "कोर्टाच्या आवारातच ऑफिस आहे. तिकडं जायचं असेल तर उद्या सकाळी मी स्वतः सोबत येते." वहिनी माझ्याकडं बघायला लागल्या. हातात चारच दिवस होते, म्हणून आम्ही बाईंनाच वकीलपत्र दिलं. पण समोर बसलेलं गिऱ्हाईक जाऊ शकतं हे माहीत असून त्यांनी ते सांगितलं, आणि मी साडेचार तारे देतोय त्यातला एक पूर्ण तारा या एका वाक्याचा आहे.

फी ८,००० ठरली. निम्मी अर्ज दाखल होताना, निम्मी निकालाला. टपरीवरच्या मध्यस्थाचं बोलणं डोक्यात होतं, म्हणून मी विचारलं, काम झालं तर की नाही झालं तरी? त्यांनी सरळ सांगितलं, निकालावर फी ठरवणं वकिलाला मना आहे, काम होवो न होवो फी तीच. टायपिंग, झेरॉक्स, कोर्ट फी स्टॅम्प, नोटिसांचा खर्च वेगळा, आणि त्याच्या चिठ्ठ्या मिळतील. शपथपत्राला शंभराचा स्टॅम्प पेपर आणू का, म्हटल्यावर म्हणाल्या, कोर्टात द्यायच्या शपथपत्राला लागत नाही, साध्या कागदावर होतं. शेवटी वरखर्च १,१४० रुपये झाला. सगळ्या चिठ्ठ्या एका टाचणीत माझ्याकडं आहेत. मी बेरीज करून बघितली. जुळली.

आता मूळ कामाकडं येतो.

दुसऱ्या दिवशी त्या जुन्या वकिलांच्या घरी गेल्या आणि वकीलपत्रावर त्यांची नाहरकत सही घेऊन आल्या. भांडण नाही, टोमणा नाही. मला म्हणाल्या, त्यांची तब्येत खरंच बरी नाही, त्यांच्याबद्दल वाईट बोलत फिरू नका. मी त्या दिवसापासून बोलणं बंद केलं.

मग शपथपत्र. मी सांगत होतो, त्या लिहून घेत होत्या. मी सर्टिफिकेटचा विषय काढला. त्यांनी पेन खाली ठेवलं. "तुम्ही १४ ला आजारी होता?" नव्हतो. "मग कुठं होता?" घरी, कांद्याच्या वाफ्यात. "मग तेच लिहायचं. खोटं सर्टिफिकेट मी लावणार नाही. तुम्हाला लावायचंच असेल तर दुसरा वकील बघा, मी फी घेतलेली नाही." आवाज चढवला नाही, पण वहिनींनी माझ्याकडं असं बघितलं की मान वर करवेना.

नंतर मी म्हणालो, तर मग लिहा, मुनशीनं तारीख चुकीची सांगितली. त्यांनी विचारलं, "हे तुम्हाला नक्की माहीत आहे? शपथेवर सांगाल?" मी गप्प. त्यांनी लिहिलं ते वाक्य मला तोंडपाठ आहे. "फोनवर मला तारीख चोवीस अशी ऐकू आली व मी ती त्याच वेळी डायरीत लिहिली." सांगणाऱ्याची चूक की ऐकणाऱ्याची, यावर एक शब्द नाही. जेवढं खरं तेवढंच. खाली आणखी एक वाक्य घातलं, की पुतणीच्या मोबाईलवर तारीख बघण्याची सोय असताना मी ती बघितली नाही, ही माझी चूक आहे. मी म्हटलं, हे कशाला, समोरच्याला आयतं हातात मिळेल. त्या म्हणाल्या, समोरचा हे विचारणारच आहे. त्यानं विचारून तुम्ही कबूल करण्यापेक्षा तुम्ही आधी सांगितलेलं बरं.

आधारासाठी दोन केस त्यांनी लावल्या. पहिली, सर्वोच्च न्यायालयाची १९८१ ची, रफीक विरुद्ध मुन्शीलाल. वकील गैरहजर राहिला म्हणून अपील फेटाळलं गेलं होतं. कोर्ट म्हणालं की पक्षकार वकील नेमतो, त्याला फी देतो, त्यानं वकिलावर विश्वास ठेवला तर दुसऱ्याच्या चुकीची शिक्षा त्याला का. मी खूष झालो. लगेच त्यांनी मला १९९३ च्या सलील दत्त प्रकरणाबद्दल सांगितलं. तिथं त्याच कोर्टानं म्हटलंय की वकिलावर ढकललं की पक्षकार दरवेळी सुटतो असा काही पक्का नियम नाही. "म्हणून तुमचं स्वतःचं वागणं दिसलं पाहिजे," त्या म्हणाल्या. दुसरी केस त्यासाठीच लावली, २००० सालची, श्रीवास्तव विरुद्ध रायजादा. त्यातला मुद्दा असा की पुरेसं कारण बघायचं ते ज्या तारखेला माणूस हजर नव्हता त्या तारखेपुरतं, मागच्या सगळ्या तारखांचा पाढा तिथं वाचायचा नाही. ती केस एकतर्फी हुकूमनाम्याची होती, पण पुरेशा कारणाचा विचार इथंही तसाच, असं त्यांनी सांगितलं.

माझं वागणं दिसायला पुरावा काय? डायरी होती. आणि वहिनींनी पिशवीतून दोन तिकिटं काढली. २४ जुलैची, आमच्या गावापासून तालुक्यापर्यंत, सकाळची वेळ छापलेली. एक पूर्ण, एक महिला सन्मानचं अर्धं. मी ३१ वर्षं तिकिटं फाडली, पंचिंग केलं, नंतर मशीन वापरलं, पण स्वतःचं तिकीट जपून ठेवायचं माझ्या डोक्यात आलं नाही. वहिनी प्रत्येक तिकीट ठेवतात, महिन्याचा खर्च लिहायला.

बाई खुर्चीतून उठल्याच. "हे मशीनचं तिकीट उडतं, आधी झेरॉक्स काढून आणा, आत्ता." मला हे माहीत असायला हवं होतं. मशीनच्या गुळगुळीत कागदावरची छपाई दोन-तीन महिन्यांत फिकी पडते, खिशात घामानं तर आठवड्यात. पुतणी पळत खाली जाऊन झेरॉक्स काढून आली. ज्याला तारीख बुडवायची आहे तो दहा दिवसांनी पदरचे पैसे घालून कोर्टात कशाला येईल, हा सगळा युक्तिवाद त्या दोन चिटोऱ्यांवर उभा राहिला.

१० ऑगस्ट, गुरुवार. अर्ज दाखल झाला, किरकोळ दिवाणी अर्ज म्हणून नंबर पडला. सत्ताविसावा दिवस. दावा उठवताना निशाणी ५ चा हुकूमही पूर्ववत राहावा ही मागणी त्यांनी अर्जातच वेगळ्या परिच्छेदात घातली होती.

त्यानंतर वेळ लागला, आणि तो लागतोच. समोरच्यांना नोटीस बजावल्याशिवाय असा अर्ज मंजूर करता येत नाही. तिघा प्रतिवादींतल्या एकानं नोटीस घेतली नाही, पुन्हा काढावी लागली. गणपती झाले, मग त्यांनी म्हणणं दाखल केलं. वादींना दावा रेंगाळत ठेवायची सवय आहे, डायरीतली नोंद मागाहून केली आहे, असं त्यात होतं. दरम्यान वहिनींनी रोपासाठी दोन टँकर विकत घेतले. निम्मं रोप तरीही वाफ्यातच वाळलं. हे नुकसान कुठल्याच अर्जानं भरून आलं नाही.

माझा उलटतपास झाला. आदल्या संध्याकाळी बाईंनी एकच तयारी करून घेतली. विचारतील तेवढंच बोला, आठवत नसेल तर आठवत नाही म्हणा, आणि चुलतभावाकडं बघू नका. पिंजऱ्यात समोरच्या वकिलांनी डायरी हातात घेऊन विचारलं, ही तारीख नंतर लिहिली नाही कशावरून? मी म्हणालो, साहेब, त्याच पानावर वर त्या दिवशीच्या बियाण्याचा हिशोब आहे, खाली संध्याकाळच्या दुधाचा. मध्ये जागा सोडायची मला सवय नाही. न्यायाधीशांनी डायरी मागून घेतली आणि पुढची-मागची चार-पाच पानं उलटून बघितली. मग विचारलं, ॲपवर तारीख का बघितली नाही? मी म्हणालो, चूक झाली, शपथपत्रात लिहिलंय. समोरच्या वकिलांना त्यावर पुढं काही विचारता आलं नाही. बाईंनी ते वाक्य आधीच का घातलं होतं ते मला तिथं, पिंजऱ्यात उभं असताना कळलं.

१ डिसेंबर २०२३, शुक्रवार. अर्ज मंजूर. दावा मूळ नंबरवर, निशाणी ५ चा हुकूम पूर्ववत. अट अशी की प्रतिवादींना २,००० रुपये खर्च पंधरा दिवसांत द्यायचा. बाईंनी बाहेर येताच सांगितलं, आनंद नंतर करा, ही अट पाळली नाही तर हुकूम निरुपयोगी. सोमवारी, ४ तारखेला पैसे भरून पावती फाईलला लावली. अर्ज फेटाळला गेला असता तर जिल्हा न्यायालयात अपील करायची वाट होती. ती त्यांनी पहिल्याच दिवशी सांगून ठेवली होती, त्यामुळं चार महिने मी निदान झोपू शकलो.

आता अर्धा तारा का कापला ते लिहितो. बाईंनी हे वाचलं तर रागावणार नाहीत, मी त्यांना तोंडावर सांगितलंय. खर्च पडू शकतो हे त्यांनी सांगितलं होतं, पण अंदाज दिला नव्हता. २,००० आमच्यासाठी लहान रक्कम नाही, टँकरचे पैसे नुकतेच गेले होते. आधी आकडा कळला असता तर बाजूला काढून ठेवले असते. दुसरं, ऑफिस पहिल्या मजल्यावर आहे, जिना अरुंद आणि उभा. वहिनींच्या गुडघ्यांना तो झेपत नाही. दोनदा बाई स्वतः खाली येऊन झेरॉक्सच्या दुकानात बसून बोलल्या, पण प्रत्येक म्हाताऱ्या माणसाला असं खाली बोलवायला जमणार नाही. तिसरं, फोन फक्त संध्याकाळी ६ ते ८. दिवसभर त्या कोर्टात असतात हे मान्य, पण तारखेच्या दिवशी एखादा निरोप घ्यायला कुणीतरी हवं. मुनशी ठेवलेला नाही. आमचं सगळं रामायण फोनवरच्या एका तारखेमुळं झालं, म्हणून मला हे लागतं.

तारखेचं मात्र त्यांनी वेगळंच केलंय. त्या तारीख फोनवर सांगत नाहीत. कोर्टातून बाहेर आल्यावर कागदाच्या चिठ्ठीवर आकड्यात आणि अक्षरात लिहून देतात, चेकवर लिहितात तशी, सोबत वार. आणि पुतणीला सांगितलंय की त्याच रात्री ॲपवर ताडून बघायची. ॲपमध्ये आपला दावा जतन करून ठेवता येतो, पुढची तारीख लगेच दिसते. पुतणी आता दर रविवारी बघते, मला वाचून दाखवते, मी डायरीत लिहितो.

ज्यांचा दावा असाच डिफॉल्टमध्ये गेला असेल, त्यांनी अशा वकिलाकडं जाताना सीएनआर नंबर, फेटाळल्याच्या दिवसाचा रोजनामा (कोर्टाची कामकाजाची नोंद) आणि त्या दिवशी तुम्ही कुठं होता याचा जो काही कागद असेल तो घेऊन जा. दुधाची वही, दवाखान्याची खरी चिठ्ठी, एसटीचं तिकीट, काहीही. तिकीट असेल तर आधी झेरॉक्स. आणि दिवस मोजून जा, कारण पहिला प्रश्न तोच येईल. वकील तुम्हाला तारीख विचारायच्या आधी गोष्ट रचून द्यायला लागला, तर उठून या.

दावा अजून चालू आहे. आमची सरतपासाची, म्हणजे आमच्या स्वतःच्या साक्षीची, शपथपत्रं दाखल झाली, वहिनींचा उलटतपास व्हायचाय. स्टार्टरचं कुलूप निघालं. त्या वर्षी विहिरीला पाणी कमीच होतं, पाळीला दीड-दोन तास मोटर चालायची, तेवढ्यावर वहिनींनी पाऊण एकर उन्हाळी कांदा काढला. परवा बाईंच्या ऑफिसात गेल्यावर फाईलमधली ती मूळ तिकिटं बघायला मागितली. दोन्ही कागद कोरे झालेत, एक अक्षर वाचता येत नाही. झेरॉक्सवर मात्र वहिनींचं अर्धं तिकीट अजून स्वच्छ वाचता येतं.